नाकेदाराचा कोट

गोविंदा, काल तुझी शोकसभा झाली. शाळेच्या हॉलमध्ये, आपल्याच स्टेजवर, मागे आपलाच तो लाल पडदा. अध्यक्ष वकीलसाहेब. बालाघाटात कशाचंही अध्यक्षपद दुसऱ्या कुणाकडे गेल्याचं मला आठवत नाही, तेव्हा तुझ्या मरणाचंही त्यांच्याकडेच जाणार होतं. टेबलावर तुझा फोटो ठेवला होता, फेटा बांधलेला. जन्मात तू कधी फेटा बांधला नाहीस. तो मुंबईला टीव्हीच्या वेळी कुणीतरी तुझ्या डोक्यावर ठेवला होता आणि तू तो काढला नाहीस. आपल्या गावाला तुझा हाच एक फोटो सापडला.

पहिले वक्ते तुला मातीतला कलावंत म्हणाले. दुसऱ्यांनी तुला तळागाळातला हिरा केलं. तिसऱ्यांना रत्नांची खाण सुचली. प्रत्येकानं तुला जमिनीच्या खाली कुठंतरी ठेवलं. तू मोटारीच्या दारात उभा राहणारा माणूस, वारा खाणारा, आणि तुला वर काढायला ह्यांना कुदळ लागत होती. तळागाळ म्हणजे नेमका कोणता मोहल्ला, हे स्टेजवरच्या सगळ्यांना माहीत होतं. तिकडे ह्यांच्यापैकी कुणी कधी चहा प्यायलेला नाही.

मी खुर्च्यांवर नव्हतो. पडद्यामागे उभा होतो, हातात तुझा खाकी कोट घेऊन. तो कोट स्टेजवरच्या रिकाम्या खुर्चीवर ठेवायचा, असं वकीलसाहेबांनी ठरवलं होतं. म्हणे त्यानं वातावरण तयार होतं. मी ठेवला नाही. का ते सांगतो, पण त्याआधी जुनं सांगावं लागेल, आणि तेही तुलाच, कारण ते आपण दोघांनी इतकी वर्षं एकमेकांना सांगितलं नाही.

छप्पनच्या ऑक्टोबरात तू मोहल्ल्यातल्या लोकांबरोबर नागपूरला जाऊन आलास आणि बौद्ध झालास. पुढच्या पंधरा-वीस दिवसांत आपली राजधानी नागपूरहून भोपाळला गेली, गोंदिया परक्या राज्यात गेलं आणि राजेगावला सीमा आली. एका महिन्यात तुझा धर्म बदलला आणि राज्यही बदललं. त्यातलं एकच तुला विचारून झालं, असं तू सांगायचास. मला तेव्हा हसू आलं होतं. आता ते वाक्य आठवलं की हसू येत नाही, पण त्याहून चांगलं वाक्य मी त्यानंतर इथल्या कुठल्याही भाषणात ऐकलेलं नाही.

तू बालाघाट-गोंदिया मोटारीवर कंडक्टर. रोज राजेगावच्या नाक्यावर गाडी थांबायची. रोज तोच जवान त्याच बायकांची तीच गाठोडी काठीनं टोचून बघायचा. कालपर्यंत ज्या बाया माहेरी जात होत्या त्या आता परराज्यात जात होत्या. हे सगळं तू दारात उभं राहून पाहिलंस. मी त्याच गाडीनं महिन्यातून एकदा जायचो आणि खिडकीत बसून पेपर वाचायचो. पेपरात त्यातलं काही येत नसे.

नाट्यमंडळात तू आलास तो पडदा ओढायला. दिवाळीच्या सुट्टीत मंडळाचं ऐतिहासिक नाटक व्हायचं, राजवाडा, मग जंगल, मग पुन्हा राजवाडा. तुला त्यात भूमिका कधी मिळाली नाही. राजाची सोड, हुजऱ्याचीही नाही. ह्याचं कारण कुणी कधी बोलून दाखवलं नाही. हुजऱ्याला दुसऱ्या अंकात राजाला पाण्याचा पेला द्यायचा असतो, एवढंच.

आणि मग ती दिवाळी. राजवाड्याचे खांब तेलाचे रिकामे डबे एकावर एक रचून, वर कागद चिकटवून केलेले. सेट बदलताना दोन खांब गडगडले. पडद्यापुढे शिट्ट्या सुरू झाल्या. वकीलसाहेब ओरडले, कुणीतरी पुढे जाऊन दोन शब्द बोला. राजा जाईना, वाड्याशिवाय राजा कसा दिसेल म्हणून. तू गोंदियाच्या शेवटच्या खेपेवरून थेट आला होतास, अंगात मोटारीचा कोट तसाच. वकीलसाहेबांनी तुला खांद्याला धरून पडद्याच्या फटीतून बाहेर लोटलं. मी मागे डबे रचत होतो. मग तुझा आवाज आला, पण तुझा नाही, त्या नाक्यावरच्या जवानाचा, झोपेतून उठवलेल्या माणसाचा.

"थांबा. गठोड्यात का हाय? लुगडं? असू द्या. तोंडात का हाय? मराठी? किती हाय? सारी खाली उतरवा. इथून पुढं चालत नाई. दोन-चार शिव्या घरच्या वापरापुरत्या राहू द्या."

हॉल हशानं फुटला. मी डबा हातात घेऊन तसाच उभा राहिलो.

तिथून नाकेदार सुरू झाला. पुढची दहा-बारा वर्षं लोक राजासाठी तिकीट काढत आणि नाकेदारासाठी बसून राहत. प्रत्येक सेटबदलाला पाच-सहा मिनिटं. एकदा तू नदीलाच अडवलंस आणि पाणी कोणत्या राज्याचं ते विचारलंस. एकदा वरात अडवलीस. नवरी इकडची, सासू तिकडची, तेव्हा सासूचे टोमणे परराज्यातून येणारा माल म्हणून उघडून दाखवायला लावलेस, आणि पुढच्या रांगेतल्या खऱ्या सासवा पदर तोंडाला लावून हसल्या. राजवाडा त्यांचा, जंगल त्यांचं. पडदा आणि स्टेजची कड ह्यांच्यामधली हातभर पट्टी तेवढी तुझी. तिथं कुणाला तुझ्या हातचं पाणी प्यावं लागणार नव्हतं, म्हणून तिथं तुला कुणी अडवलं नाही.

थांबायचं कधी, हे तूच ठरवलं होतंस. मोटारीत तू दोरी ओढायचास, घंटी वाजायची आणि ड्रायव्हर गाडी थांबवायचा. तसंच इथं. सेट तयार झाला की मी फटीतून हात घालून तुझा कोट ओढायचा, आणि तू असशील त्या वाक्यावर थांबायचं. मी एकदा म्हणालो, वाक्य तरी पुरं करत जा. तू म्हणालास, "अबे गुरुजी, घंटी वाजल्यावर ड्रायव्हर म्हनते का, थांब, एवढं वळन घेऊन घेतो?" चारचौघांत मला अहोजाहो करायचास आणि अबे म्हणायला मोटारीचा टप राखून ठेवला होतास. ह्या थांबण्यामुळेच तुझी सगळी बोलणी अर्धी राहिली. लोक दुसऱ्या दिवशी बाजारात ती आपापल्या परीनं पुरी करत. असा मान नाटकातल्या राजाला कधी मिळाला नाही.

इतकी वर्षं मी नाकेदार ऐकला, पाहिला कधीच नाही. मला दिसायची ती तुझी पाठ, फटीतून, आणि कोटाची मागची घडी.

मग मंत्री आले ती रात्र. ती मला लिहायची नाही, पण ती टाळून तुझ्याबद्दल काही लिहिता येत नाही. वकीलसाहेबांनी आधीच सांगितलं होतं, यंदा नाकेदार नको. पण सेट वेळेवर लावणारं मंडळ आपलं नव्हे. दुसऱ्या अंकानंतर जंगल निघेना, राजवाडा लागेना, पुढं शिट्ट्या सुरू झाल्या, आणि तू कुणाला न विचारता बाहेर गेलास. मंत्री पहिल्या रांगेत, गळ्यात हारांचा ढीग. तो ढीग सकाळी तुझ्याच मोटारीच्या टपावरून गोंदियाहून आला होता.

"साहेब, गळ्यात का हाय? हार? हे गोंदियाचे फुलं हायत, म्या स्वतः आनले. माल महाराष्ट्राचा, मान मध्य प्रदेशची. असा माल नाक्यावरून सोडता येत नाई, काहून का—"

मंत्री हसत होते, असं नंतर सगळ्यांनी सांगितलं. हसत नव्हते ते वकीलसाहेब. ते मागे धावत आले. मी शिडीवर होतो, हातात खांबाचा वरचा डबा. म्हणाले, ओढा त्याचा कोट. मी म्हणालो, वाडा तयार नाही. ते म्हणाले, उद्या शाळेत भेटा. शाळेचे सेक्रेटरी तेच. मी म्हणालो, भेटतो, पण वाडा तयार नाही. तेव्हा त्यांनी स्वतः फटीतून हात घातला आणि ओढला.

तू थांबलास. 'काहून का' वर, कारण सांगायच्या आधीच. पडदा उघडला तेव्हा एका खांबाचा राजवाडा आणि शिडीवर मी. त्या रात्री सर्वांत जास्त हशा मला मिळाला.

तू माझ्याकडे न बघता घरी गेलास. त्यानंतर बालाघाटात तू कधी पडद्यापुढे उभा राहिला नाहीस. मी वाट बघत होतो, तू विचारशील, कोट तू ओढलास का. तू विचारलं नाहीस. विचारलं नाहीस म्हणजे तुला खात्री होती, असं मी धरून चाललो. ज्या माणसानं बारा वर्षं माझ्या हातावर भरवसा ठेवला, त्याला तो हात माझा वाटला, ह्याचा मला संताप आला. मी का सांगायला जाऊ? आरोपीनं आधी फिर्याद ऐकायची असते. मग मी तुझ्या मोटारीनं गोंदियाला जात राहिलो, तू मला तिकीट देत राहिलास, आपण राजेगावला एका बाकावर चहा पीत राहिलो, आणि भाताच्या पिकाबद्दल इतकं बोललो की ऐकणाऱ्याला वाटावं, दोघांचीही शेती आहे.

नाकेदार मात्र मेला नव्हता. तो सीमेपलीकडे गेला होता. गोंदियाकडच्या लग्नांत, जेवणाच्या पंगती बसेपर्यंत तू तो करायचास. तिथंच मुंबईच्या कुणीतरी पाहुण्यानं ऐकला आणि टीव्हीसाठी बोलावलं. बालाघाटात टीव्ही म्हणजे काय हे वर्तमानपत्रातल्या चित्रावरून माहीत. तू जाऊन आलास, कुणाला सांगितलं नाहीस. मला गोंदियाच्या एका दुकानदाराकडून कळलं. पाच-पाच मिनिटांचे चार भाग, आठवड्याला एक, एकटा नाकेदार बोलणार.

मी पुण्याला गेलो, बहिणीकडे. तुला हे कधी सांगितलं नाही. बहिणीच्या शेजाऱ्यांकडे टीव्ही होता. त्यांच्या बैठकीत अख्खी आळी जमलेली, पुढे पोरं, मागे मोठी माणसं, आणि मी दाराशी. तू आलास. फेटा बांधून. एक गृहस्थ म्हणाले, ही कुठली हो भाषा? मी म्हणालो, मराठी. एखाद्याच्या आजाराबद्दल ऐकावं तशी त्यांनी मान हलवली.

आयुष्यात पहिल्यांदा मी नाकेदार समोरून पाहिला. मागून ऐकताना मला वाटायचं, तू मिश्किल हसत असशील, डोळे मिचकावत असशील. तू मुळीच हसत नव्हतास. तो चेहरा कंटाळलेल्या माणसाचा होता, ज्याला रोज हेच करावं लागतं आणि ज्याला माहीत आहे की हे करून काही उपयोग नाही. म्हणून लोक इतके हसायचे तर. मला हे बारा वर्षं कुणी सांगितलं नव्हतं.

पण बोललास ते काय? राजेगाव गेलं, नुसता 'सीमेवरचा नाका' राहिला. मराठी उतरवायची ती ओळ गेली. नदी राहिली, सासू राहिली. शेवटी तू गप्प झालास, आणि तुझा उजवा हात मागे गेला, कोटाच्या घडीकडे. चाचपडल्यासारखा. तिथं पडदा नव्हता, कुणी नव्हतं. तू तसाच उभा राहिलास. बैठकीत कुणीतरी म्हणालं, विसरला वाटतं बिचारा.

परत आल्यावर राजेगावच्या बाकावर मी तुला विचारलं, पुण्याचं न सांगता, ऐकल्यासारखं करून. राजेगाव काहून काढलं? तू म्हणालास, तिकडे कोणाले मालूम हाय राजेगाव. मी म्हणालो, न कळो, पण तुझी ओळ तू विकलीस. तू चहा बशीत ओतत म्हणालास, "ते ओळ इथल्यासाठी होती, गुरुजी. इथं तिले कोनी पुसलं नाई." मी चिडून उठलो. तू दोरी ओढलीस, मोटार निघाली, तेवढ्यावर तो वाद राहिला. मला तो जिंकायचा होता. आता कुणाशी जिंकू?

परवा मी तुझ्या घरी गेलो. वकीलसाहेबांनी कोट आणायला मलाच पाठवलं होतं. सुमित्रावहिनींनी पेटीतून कोट काढला, झटकला, आणि माझ्या हातात देताना मागची बाजू उलटून दाखवली. घडीच्या डाव्या अंगाला रफू होता, बोटभर लांब, अगदी बारीक टाक्यांचा.

"हे त्या रातचं हाय, भाऊजी. आंगठी अडकली त्याची."

माझ्या बोटात कधी अंगठी नव्हती.

त्याच मग म्हणाल्या, तुला तेव्हाच कळलं होतं. माझा हात तुला ठाऊक होता. मी नेहमी उजवीकडून ओढायचो, हलकेच, दोनदा. हा डावीकडून आला, एकच झटका. तू घरी येऊन कोट काढून त्यांना दिलास आणि म्हणालास, मागं वकील होता. त्यांनी विचारलं, मग थांबले काहून? तू म्हणालास, गुरुजीनं नाई म्हटलं असंन म्हनून तो सोता आला. म्या बोलत राह्यलो असतो तं सारं गुरुजीवर गेलं असतं, त्याची नौकरी त्याच मानसाच्या हातात हाय.

मी म्हणालो, वहिनी, हे त्यानं मला काहून नाही सांगितलं?

त्या कोटाची घडी घालत होत्या. म्हणाल्या, "तुम्हीबी तं नाई सांगतलं, का म्या नाई ओढला म्हनून. ते वाट पाहत होते."

गोविंदा, मी तुझ्यावर रागावलो आहे. हे लोक सांत्वनाला येतात आणि म्हणतात, मोठ्या मनाचा माणूस. मला तुझं मोठं मन नको होतं. माझी नोकरी वाचवायचा निर्णय तू माझ्या पाठीमागे घेतलास, आणि मग त्याचा हार स्वतःच्या गळ्यात आतल्या बाजूनं घालून बसलास, कुणाला न दाखवता. आपण दोघांनी मिळून सगळ्या गावाच्या हारांची टिंगल केली होती. एकदा मोटारीच्या टपावर मला 'अबे गुरुजी' म्हणून सांगितलं असतंस, तर मी दुसऱ्या दिवशी राजीनामा देऊन तुला पडद्यापुढे उभं केलं असतं. कदाचित दिला नसता. ते ठरवायची संधी तरी मला द्यायची होतीस. मी त्या रात्री शिडीवरून नाही म्हटलं होतं, गोविंदा. माझ्या आयुष्यातलं ते एकच खरं नाही, आणि तू ते न ऐकताच ओळखलंस आणि त्याचा काही उपयोग होऊ दिला नाहीस.

आणि तरी, तुला माझा हात माहीत होता. त्या रात्रीपासून मी जो राग सांभाळला, त्याच्या मुळाशी काहीच नव्हतं. त्या टीव्हीच्या पेटीत तुझा हात मागे गेला, तो मला बैठकीतल्या त्या माणसासारखाच विसरलेला वाटला होता. तू विसरला नव्हतास. तू वाट बघत होतास. उजव्या बाजूला.

काल शेवटी वकीलसाहेब उठले. बंद गळ्याचा कोट, बोटात तीच अंगठी. ते बरोबर पडद्याच्या फटीपुढे उभे राहिले, माझ्यापासून हातभर. तुझ्या आणि मंडळाच्या अतूट नात्याबद्दल बोलले. नाकेदार मंडळानंच घडवला, असं म्हणाले. हॉलमध्ये तुझा जुना ड्रायव्हर बसला होता, वहिनी बसल्या होत्या, मोहल्ल्यातले लोक मागच्या बाकांवर. शोकसभेत खोटं बोलणाऱ्याला मध्येच थांबवायची आपल्याकडे सोय नाही. सोय होती ती एकच, आणि ती तू केलेली होती.

ते म्हणाले, "पुढे गोविंदरावांनी आपली रंगभूमी सोडली. त्यांनी ती का सोडली, हे पुष्कळांना ठाऊक नाही. त्यांनी ती सोडली, कारण—"

मी फटीतून हात घातला.

ते थांबले. 'कारण' वर. त्यांनी मागे वळून फटीकडे बघितलं, आणि तो चेहरा मी ह्या वेळी समोरून पाहिला. पुढं वाक्य आलं नाही. ते जाऊन खुर्चीवर बसले, आणि हॉलमध्ये मागच्या बाकांवरून कुणीतरी हसलं, आधी एक, मग बरेच जण. तुझ्या शोकसभेत, गोविंदा. ते वाक्य लोक आज बाजारात आपापल्या परीनं पुरं करत असतील.

तुझा कोट मी परत वहिनींकडे दिला. आणि वकीलसाहेबांचा ओढला तो उजवीकडून, हलकेच, दोनदा. म्हणजे तुला ओळखू यावा.